जुन्या फिल्मचा डबा हाती आला तर: पहिल्या दिवसापासून संग्रहालयापर्यंत

मूकपटांच्या काळात भारतात तेराशेहून अधिक चित्रपट तयार झाले. त्यांतले पूर्ण किंवा तुकड्यांच्या रूपात उरलेले तिसाच्या आसपास आहेत. १९३१ चा ‘आलम आरा’ आज कुठेच नाही. बाबूराव पेंटरांचा १९२५ चा मूक ‘सावकारी पाश’ही नाही. काही चित्रपट आगीत गेले. पुष्कळसे भंगारात किलोवर विकले गेले, कारण फिल्मवरची चांदी काढून घेता येत होती आणि उरलेल्या पट्टीच्या बांगड्या होत होत्या.

जे वाचलं, त्यात पी. के. नायर यांचा वाटा फार मोठा. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं आणि नायरांनी ते डबा डबा गोळा करून उभं केलं. त्यांच्यावर शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी २०१२ मध्ये ‘सेल्युलॉइड मॅन’ हा माहितीपट केला. त्याला दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. पण डुंगरपूर माहितीपटावर थांबले नाहीत. २०१४ मध्ये त्यांनी मुंबईत फिल्म हेरिटेज फाउंडेशन सुरू केलं. जुने चित्रपट दुरुस्त करणं आणि ते काम करणारी माणसं शिकवून तयार करणं, ही दोन्ही कामं ही संस्था करते.

माहितीपट करणाऱ्याला, स्थानिक इतिहासाच्या अभ्यासकाला किंवा तंबू टॉकीजवाल्याच्या नातवाला एखाद्या माळ्यावर, बंद पडलेल्या थिएटरच्या केबिनमध्ये किंवा गोदामात डबे सापडतात. तिथून ते संग्रहालयात नीट पोचेपर्यंत काय करायचं आणि काय टाळायचं, ते इथे दिलं आहे. पहिली गोष्ट: प्रोजेक्टरवर लावून बघू नका. आकसलेल्या फिल्मची छिद्रं प्रोजेक्टरच्या दातांवर बसत नाहीत आणि ती ओळीने फाटत जातात. पन्नास वर्षं टिकलेली फिल्म अशी पाच मिनिटांत कामातून जाते.

डबा उघडण्याआधी

डबे जिथे, ज्या क्रमाने सापडले तसेच फोटो काढा. डब्यावरची चिठ्ठी, खडूने लिहिलेला आकडा, वितरकाचा शिक्का, दोरीला बांधलेलं कार्ड, यातलं काहीही ओळखीचा धागा ठरू शकतं. फाळके कुटुंबाकडून नायरांना फिल्मचे सुटे तुकडे आणि फाळक्यांची हस्तलिखित टिपणं मिळाली. त्या टिपणांच्या आधारे ‘कालिया मर्दन’ (१९१९) जुळवता आला. नुसते तुकडे असते तर ते काम फार अवघड गेलं असतं. म्हणून कागद फेकू नका, मात्र डब्यात परत ठेवूही नका. कागद ओलावा आणि आम्ल धरून ठेवतो. तो वेगळ्या पाकिटात घाला आणि पाकिटावर डब्याचा क्रमांक लिहा.

खोली हवेशीर हवी, जवळ ज्योत किंवा शेगडी नको. नायट्राइल हातमोजे घाला. गंजलेलं झाकण स्क्रू-ड्रायव्हरने उचकटण्याऐवजी कडेने हलके ठोकत फिरवा. गंजाची पूड फिल्मवर पडली की ती खरवडतेच. झाकण निघाल्यावर आधी वास घ्या, पण नाक डब्यात न घालता हाताने हवा आपल्याकडे ओढून.

बेस ओळखणं, कारण पुढचं सगळं त्यावर ठरतं

बेस म्हणजे चित्राचा थर ज्यावर असतो ती फिल्मची पट्टी. ती तीनांपैकी एका पदार्थाची असते: नायट्रेट, अ‍ॅसिटेट किंवा पॉलिस्टर. ३५ मिमी फिल्म १९५२ च्या आधीची असेल तर ती नायट्रेट असल्याचं धरूनच चाला. कडेला ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ (म्हणजे नायट्रेटसारखी न भडकणारी) असा इंग्रजी शब्द छापलेला असतो. फक्त ‘सेफ्टी’ दिसलं म्हणून निर्धास्त होऊ नका. सेफ्टी फिल्मवर नायट्रेट निगेटिव्हवरून प्रिंट काढताना निगेटिव्हच्या कडेची अक्षरंही कधी कधी उतरतात, आणि उलटही घडतं. १६ मिमी, ८ मिमी आणि सुपर ८ या घरगुती मापांत नायट्रेटची भीती जवळजवळ नसते.

पॉलिस्टर ओळखायला सोपं. गुंडाळी आडवी धरून बाजूने दिव्याकडे पाहा. उजेड आरपार झिरपला तर पॉलिस्टर, गडद राहिली तर अ‍ॅसिटेट किंवा नायट्रेट. पॉलिस्टर हाताने फाटत नाही. पण फाडून बघण्याची परीक्षा घेऊ नका. तुकडा जाळून बघण्याची जुनी पद्धत तर सरळ धोक्याची.

नायट्रेट खराब होताना आधी पट्टी पिवळसर-तपकिरी होते आणि चित्र फिकटतं. मग थर चिकटायला लागतात. नंतर फुगे येतात, उग्र वास येतो. शेवटी सगळी गुंडाळी एकजीव होते आणि तिची तपकिरी पूड पडते. या पदार्थाला जळताना बाहेरच्या ऑक्सिजनची गरज लागत नाही, त्यामुळे पाणी टाकून किंवा वाळूने दाबून आग विझत नाही. निघणारा धूर विषारी असतो. कुजलेली नायट्रेट फिल्म बराच काळ चाळीस-एक अंशांत राहिली तर आपोआप पेटू शकते. विदर्भ-मराठवाड्यातल्या एप्रिल-मेमध्ये पत्र्याखाली ठेवलेल्या डब्याचं तापमान त्याच्या पुढे जातं. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या नायट्रेटच्या कोठाराला आग लागली आणि प्रभातच्या काळातला अमूल्य साठा गेला.

तेव्हा नायट्रेटचा संशय आला तर उलगडणं तिथेच थांबवा. डबा थंड, सावलीच्या, घरापासून वेगळ्या जागी ठेवा. झाकण घट्ट चिकटपट्टीने बंद करू नका, आतला वायू बाहेर पडायला वाट हवी. एकावर एक ढीग करू नका. कुरिअर, एसटी, रेल्वे किंवा विमानाने पाठवू नका. या फिल्मच्या साठवणीला आणि वाहतुकीला १९४८ पासून वेगळे नियम आहेत. संग्रहालयाला कळवा आणि त्यांच्या सांगण्याप्रमाणेच हलवा. चुरा झालेली फिल्म घरच्या कचऱ्यात टाकणंही तितकंच धोक्याचं.

आंबट वास

आपल्याकडे सापडणाऱ्या डब्यांत अ‍ॅसिटेटच सगळ्यात जास्त, आणि त्याचा रोग म्हणजे व्हिनेगर सिंड्रोम. उष्णता आणि ओलावा यांनी पट्टीतून अ‍ॅसिटिक आम्ल सुटतं. ते आम्ल बाहेर गेलं नाही तर पुढची झीज आणखी वेगाने घडवतं. बंद लोखंडी डब्यात हे चक्र चालूच राहतं, आणि लोखंडाचा गंज त्याला हातभार लावतो. २१ अंश आणि ५० टक्के आर्द्रतेत ताज्या फिल्मला हा त्रास सुरू व्हायला चाळीस-पन्नास वर्षं लागतात. कोकणात आणि मुंबईत पावसाळाभर आर्द्रता ८० च्या वर असते, त्यामुळे तिथे हा हिशेब खूप आधी संपतो. रोग परतवता येत नाही, फक्त मंदावता येतो.

नाकावर विसंबू नका, कारण वास येईपर्यंत उशीर झालेला असतो. ए-डी स्ट्रिप नावाची आम्ल दाखवणारी कागदी पट्टी मिळते. ती डब्यात ठेवून झाकण लावा आणि खोलीच्या तापमानाला २४ तास थांबा. निळी राहिली तर उत्तम. हिरवी व्हायला लागली तर आम्ल तयार होतंय. पिवळी झाली तर फिल्म गंभीर आहे, तिचं स्कॅनिंग रांगेत सगळ्यात पुढे घ्या. या मोजपट्टीवर शून्य ते तीन अशा पातळ्या असतात. दीडच्या पुढे झीज स्वतःच्या बळावर धावते, म्हणून दीडचा आकडा आला की वाट पाहू नका. डब्यावर तारीख आणि पातळी लिहा. आंबट डबे बाकीच्यांपासून वेगळ्या खोलीत ठेवा, त्यांची वाफ शेजारच्या फिल्मनाही लागते.

दुसरी तपासणी आकसण्याची. ३५ मिमीच्या सलग १०० फ्रेम न ताणता टेबलावर सपाट ठेवून मोजा. ताज्या प्रिंटमध्ये हे अंतर १९०० मिमी भरतं, १६ मिमीमध्ये ७६२ मिमी. ३५ मिमीमध्ये १९ मिमी कमी भरलं तर आकसणं एक टक्का, १६ मिमीमध्ये साडेसात मिमी कमी भरलं तर तेवढंच. ०.८ टक्क्यांपर्यंत बहुतेक यंत्रं फिल्म घेतात. एक टक्क्याच्या पुढे दातांच्या यंत्रावर ती फाटण्याचा धोका असतो. तिथे दातांशिवाय रोलरवर फिल्म ओढणारा स्कॅनर लागतो. लॅबला हा आकडा आधीच सांगा.

फिल्मवर पांढरी पूड किंवा स्फटिक दिसले तर लोक बुरशी समजतात. बहुधा तो पट्टी लवचिक ठेवण्यासाठी घातलेला पदार्थ बाहेर आलेला असतो, म्हणजे आजार पुढच्या पायरीवर आहे. बुरशी जाळीसारखी, फांद्या फुटल्यासारखी पसरते आणि मंद चकाकीच्या बाजूला, म्हणजे इमल्शनवर (चित्र असलेल्या जिलेटिनच्या थरावर), वाढते.

डब्यात डांबर गोळ्या किंवा कापूर घालायची सवय आपल्याकडे जुनी आहे. ती सोडा. त्यांची वाफ फिल्मवर जमते आणि झीज थांबवत नाही.

टेबलावर

साधी सोय पुरते: हाताने फिरवायचे दोन रिवाइंडर, मधे दुधी काचेचं दिव्याचं टेबल, दहापट दाखवणारं भिंग, स्प्लायसर (फिल्म जोडायचं साधन), फिल्मची छिद्रं असलेली स्प्लायसिंग टेप, पांढरा लीडर (टोकाला जोडायची कोरी पट्टी) आणि न झडणारं कापड. टेबलावर कोरा पांढरा कागद अंथरा, म्हणजे पडलेला चुरा दिसेल. फिल्म नेहमी कडांनी धरा. कोणत्या टप्प्याला कुठे दुरुस्ती केली, हे वहीत टिपत जा.

हजार फुटी रिळाची तपासणी तासाच्या आत उरकली तर ती झालीच नाही असं समजा. (३५ मिमीचे हजार फूट म्हणजे २४ फ्रेमच्या वेगाने सुमारे ११ मिनिटं. १६ मिमीचे ४०० फूटही तेवढेच.) कुठे अडकलं तर ओढू नका. थर चिकटलेले असतील तर गुंडाळी तशीच ठेवा, ते काम लॅबचं. सैल गुंडाळीचं टोक ओढून ती आवळणं ही सगळ्यात जास्त केली जाणारी चूक आहे. थर एकमेकांवर घसरतात आणि मधली धूळ शेकडो फूट चरे पाडते. सैल गुंडाळी पुन्हा पहिल्यापासून सावकाश, सारख्या ताणाने फिरवून घ्या.

तुटलेल्या जागी घरातला सेलोटेप लावू नका, त्याचा गोंद पाझरून शेजारच्या थराला चिकटतो. जुना सेलोटेप सापडला आणि सहज निघत नसेल तर तो लॅबला काढू द्या. फिल्म सिमेंटचे (फिल्म जोडायच्या द्रवाचे) जुने जोड सुकून सुटतात, ते टेपने पुन्हा जोडा. पॉलिस्टरवर सिमेंट धरतच नाही. फाटलेली छिद्रं एकेक दुरुस्त करायला वेळ लागतो, पण स्कॅनिंगच्या आधी ते अटळ आहे. दुरुस्तीसाठी फ्रेम कापून टाकू नका. अर्धी फ्रेमसुद्धा ठेवा.

पाणी कधीही लावू नका. बुरशीने जिलेटिन पाण्यात विरघळण्याजोगं झालेलं असतं, त्यामुळे ओल्या कापडाने पुसलं की चित्रच पुसलं जातं. बुरशीची फिल्म आधी कोरड्या हवेत सुकवा आणि मग मऊ कोरड्या कापडाने वरवर झाडा. तेही मोकळ्या हवेत, मास्क लावून. साधी धूळ आणि तेलकटपणा असेल तर निदान ९९ टक्के शुद्धतेच्या आयसोप्रोपिल अल्कोहोलचा हलका हात चालतो. औषधाच्या दुकानातलं ७० टक्क्यांचं नको, त्यात पाणी असतं. चुंबकीय ध्वनिपट्टी असेल तिथे तेही वापरू नका. अल्कोहोल ज्वालाग्राही आहे, शेजारी दिवा किंवा हीटर नको.

पुरात सापडलेल्या डब्यांची गोष्ट वेगळी. २०१९ मध्ये सांगली-कोल्हापुरात आणि २०२१ मध्ये चिपळूणमध्ये घराघरांत पाणी शिरलं, तसं पुन्हा झालं तर हे माहीत असावं. पूर्ण भिजलेली गुंडाळी सुकू देऊ नका, कारण सुकताना थर एकमेकांना कायमचे चिकटतात. ती स्वच्छ थंड पाण्याच्या बादलीत बुडवून ठेवा, पाणी बदलत राहा आणि दोन-तीन दिवसांत लॅबपर्यंत पोचवा. नायट्रेट असेल तर हा प्रयोगही संग्रहालयाला विचारूनच.

हे नक्की काय आहे?

डब्यावर एक नाव आणि आत भलतंच, असं नेहमी निघतं. निगेटिव्हमध्ये काळं-पांढरं उलटं दिसतं, रंगीत निगेटिव्हवर नारिंगी झाक असते. छिद्रांचा आकारही सांगतो: बाजू फुगीर असलेली पिंपासारखी छिद्रं बहुधा निगेटिव्हची, कोपरे गोल केलेली आयताकृती छिद्रं प्रिंटची. कडेला कोडॅक, ओर्वो, आग्फा, फुजी अशी नावं आणि कोडॅकवर वर्तुळ-चौकोन-त्रिकोणाची वर्षखूण असते. ती दर वीस वर्षांनी पुन्हा येते, त्यामुळे ती एकटी पुरावा म्हणून पुरत नाही. गुलाबी पडलेली प्रिंट बघून ती टाकाऊ मानू नका. ईस्टमनकलरमधला निळसर रंग आधी उडतो म्हणून सगळं गुलाबी दिसतं. काळ्या-पांढऱ्या चित्राचं मूळ धातूची चांदी असते, ते जास्त टिकतं.

प्रिंटच्या सुरुवातीला सेन्सॉरचं प्रमाणपत्र असेल तर तुमचं अर्धं काम झालं. नाव, भाषा, रीळसंख्या, लांबी आणि तारीख त्यावर असते. लांबीशी तुमची मोजणी ताडून बघा, म्हणजे किती हरवलंय ते कळेल. पाट्या, पोस्टर, वर्तमानपत्रातली जाहिरात आणि जाणती माणसं यांच्या आधारे नाव पक्कं करा. माहितीपट करणाऱ्यांनी एक गोष्ट लगेच करावी: ते थिएटर चालवणारे, फिल्म फिरवणारे, लॅबमध्ये काम केलेले जे जे हयात आहेत, त्यांना डब्यासमोर बसवून कॅमेऱ्यावर बोलतं करा. प्रिंट कुठून आली, किती गावं फिरली, कोणतं रीळ कधी हरवलं, हे कोणत्याही कागदावर नसतं.

निगेटिव्ह वाचली आहे, आता प्रिंटचं काय काम, असा विचार करू नका. श्याम बेनेगलांचा ‘मंथन’ (१९७६) दुरुस्त करताना चित्र मूळ ३५ मिमी कॅमेरा निगेटिव्हवरून घेतलं गेलं आणि आवाज ३५ मिमी प्रिंटवरून. २०२४ मध्ये तो कान महोत्सवात दाखवला गेला. मल्याळी दिग्दर्शक अरविंदन यांच्या ‘थंप’ची मूळ निगेटिव्ह उरलीच नव्हती. संग्रहालयातल्या प्रिंटवरून दुसरी निगेटिव्ह काढून त्याचं काम करावं लागलं. हे दोन्ही चित्रपट फिल्म हेरिटेज फाउंडेशनने दुरुस्त केले. गावोगाव फिरलेली, ओरखडलेली प्रिंटही अशी उपयोगी पडते.

स्कॅन म्हणजे जतन नव्हे

स्कॅनिंग करताना फ्रेमच्या कडा आणि छिद्रंही चित्रात येऊ द्या, म्हणजे कडेच्या खुणा हरवत नाहीत आणि स्थिरीकरण नीट होतं. पाठीवरचे, म्हणजे इमल्शनच्या उलट बाजूचे, चरे पडद्यावर काळ्या रेषा दाखवतात आणि द्रवात बुडवून केलेल्या स्कॅनमध्ये बरेच झाकले जातात. इमल्शनपर्यंत गेलेले चरे तसे जात नाहीत, लॅबशी बोलताना हा फरक लक्षात ठेवा. ३५ मिमीसाठी ४के, १६ मिमीसाठी निदान २के मागा. फ्रेमगणिक डीपीएक्स फाइल १० बिटमध्ये घेतली तर ४के पूर्ण फ्रेमला सुमारे ५१ एमबी लागतात, म्हणजे एका मिनिटाला ७३ जीबी. २के असेल तर मिनिटाला १८ जीबी. दीड तासाचा चित्रपट ४के मध्ये साडेसहा टीबीच्या आसपास. हा आकडा आधी सांगितला तर बजेट मध्येच कोलमडत नाही. जागा वाचवायची असेल तर गुणवत्ता न गमावणारं एफएफव्ही१ कॉम्प्रेशन वापरा. एमपी४ पाहण्यापुरतं.

तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, एक वेगळ्या गावात. हार्ड डिस्क पाच वर्षांत बदला. मोठ्या कामाला एलटीओ टेप (फाइली साठवायची चुंबकीय टेप) बरी, एलटीओ-८ वर १२ टीबी मावतात. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल बदलली की बदलणारा ओळख-आकडा) काढून ठेवा आणि वर्षातून एकदा ताडून पाहा. हे सगळं झाल्यावरही मूळ फिल्म ठेवायची आहे. उद्या याहून चांगला स्कॅनर येईल, तेव्हा फिल्म नसेल तर आजची फाइलच शेवटची.

ठेवायचं कुठे आणि सोपवायचं कसं

संग्रहालयाकडे जाईपर्यंतची सोय अशी करा. गुंडाळी गंजलेल्या रिळावरून काढून ७५ मिमी व्यासाच्या प्लास्टिक गाभ्यावर घ्या. दोन्ही टोकांना सुमारे सहा-सहा फूट लीडर लावा आणि त्यावर नाव, रीळ क्रमांक, सुरुवातीचं की शेवटचं टोक, हे लिहा. छिद्रं असलेल्या पॉलिप्रॉपिलीनच्या डब्यात आडवं ठेवा, उभं केल्यास गुंडाळी स्वतःच्या वजनाने वाकते. सहा-आठ डब्यांहून उंच ढीग नको. जमिनीपासून अर्धा फूट वर, बाहेरच्या भिंतीपासून दूर. रात्री एसी आणि दिवसा उकाडा याहून सतत सारखं तापमान बरं. आर्द्रता ३० ते ५० टक्के, घरच्या डीह्युमिडिफायरवरही जमतं.

थोडी घरगुती फिल्म असेल आणि नायट्रेट नसेल तर फ्रॉस्ट-फ्री फ्रीझर चालतो. आर्द्रता ५० टक्क्यांखाली असताना फिल्म डब्यात घालून दोन झिपबंद पिशव्यांत बंद करा. आत आर्द्रता दाखवणारं कार्ड टाका. बाहेर काढल्यावर पिशवी २४ तास न उघडता खोलीच्या तापमानाला येऊ द्या. लगेच उघडली तर फिल्मवर दव धरतं. चुंबकीय पट्टी असलेली फिल्म आणि टेप फ्रीझरमध्ये नको. त्या फिल्मना व्हिनेगरही लवकर होतं, म्हणून त्यांचा क्रम आधी लावा.

डबे उघडायचं, मोजायचं काम डिसेंबर ते फेब्रुवारीत करा. प्रवास पहाटे, गाडीच्या आत, आडवे, प्लास्टिकच्या क्रेटमध्ये. बंद डिकी उन्हात तापते, तिथे नको. ३५ मिमीचं हजार फुटी रीळ दोन-अडीच किलोचं होतं, डबे उचलताना हे लक्षात ठेवा.

सोपवण्याआधी करार लेखी करा: फिल्म दान आहे की ठेव, परत मागता येईल का, स्कॅन झालं तर प्रत मिळेल का, तुमच्या माहितीपटात वापरायची परवानगी आहे का. फिल्मची मालकी आणि हक्कांची मालकी या दोन वेगळ्या गोष्टी. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं असतो, म्हणजे १९६० साली आलेल्या चित्रपटाचा २०२० च्या अखेरीला संपला. मात्र त्यातल्या गाण्याचे, संगीताचे हक्क स्वतंत्रपणे मोजले जातात, ते रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतात. सोबत तुमचा तपासणी अहवाल, डब्यांचे फोटो, कागदाची पाकिटं आणि मुलाखतींची प्रत द्या. प्रत्येक डब्याची पोच घ्या, तुमच्या वहीतल्या क्रमांकाने.